खुडूक बसलेली कोंबडी

कोंबडीच्या वयाला मराठी भाषेत जितकी नावे आहेत तितकी बाजारात नाहीत. अंड्यातून बाहेर पडले की ते पिल्लू. आईच्या पंखाखालून निघून स्वतःचा दाणा स्वतः टिपू लागलेली, परंतु अजून अंड्यावर न आलेली ती तलंग. अंड्यावर आली की कोंबडी. आणि अंडी घालता घालता एके दिवशी ते काम थांबवून, अंग फुगवून, डोळे अर्धवट मिटून जी एका जागी ठाण मांडते ती खुडूक. बाजाराला यांतील दोनच अवस्था ठाऊक असतात : अंडे देणारी आणि कापण्याजोगी. खुडूक कोंबडी तर त्याच्या हिशेबवहीत तोट्याच्या बाजूस लिहिली जाते. कारण त्या दिवसांत ती अंडे देत नाही, नीट खात नाही आणि तिचे वजनही घटते. आमच्या परसातल्या तीस-पस्तीस वर्षांच्या अनुभवाने मात्र आम्हांला निराळाच हिशेब शिकविला. कोंबडीच्या आयुष्यातील ज्या दिवसांत ती काहीच देत नाही असे वाटते, त्याच दिवसांवर तिचे आणि तिच्या पाठीमागून येणाऱ्या साऱ्यांचे आयुष्य उभे असते.

आम्ही पाचोऱ्यास स्थायिक झालो ते शिक्षकी पेशामुळे. हिवरा नदीकाठचे, मुंबई-भुसावळ लोहमार्गावरचे हे गाव. भोवती कापसाची आणि केळीची शेती. घरामागे थोडी मोकळी जागा, एक कडुनिंब, न्हाणीच्या पाण्यावर वाढलेली केळीची दोन खुंटे आणि मातीची भिंत एवढेच आमचे परस. पहिल्या तीन कोंबड्या आणि एक कोंबडा आम्ही शेंदुर्णीहून आणला. पाचोरा-जामनेर या छोट्या गाडीतून डालग्यात बसून ती चौघे आली, आणि वाटेत कोंबड्याने एका स्थानकावर अशी बांग दिली की डब्यातील सारी माणसे हसू लागली. ती गाडी २०२० साली थांबली. त्या कोंबड्यांचा वंश मात्र आमच्या परसात अजून चालू आहे. कोंबडा आम्ही दर दोन वर्षांनी बाहेरून बदलून आणतो, म्हणजे रक्त एकाच घरात फिरत राहत नाही. पण माद्यांची ओळ तीच आहे. ती टिकली याचे श्रेय ना आमच्या देखभालीला आहे, ना दाणापाण्याला. ते खुडूक बसणाऱ्या कोंबड्यांना आहे.

आरंभ अंड्यापासून करू. कोंबडी आधी की अंडे आधी, हा वाद थोरांसाठी सोडून देऊ. कोंबडीच्या पोटात एक अंडे तयार होण्यास सुमारे २४ ते २६ तास लागतात. त्यांतील वीसेक तास केवळ कवच चढण्यात जातात. म्हणूनच अंडे देण्याची वेळ दररोज थोडी थोडी पुढे सरकते आणि मग एखाद्या दिवशी खाडा पडतो. गावरान कोंबडी अशी बारा-पंधरा अंडी घालते आणि थांबते. वर्षाकाठी तिची साठ-सत्तर अंडी झाली तरी पुष्कळ. पिंजऱ्यातील सुधारित जातीची कोंबडी वर्षात तीनशेच्या वर अंडी देते, हे ऐकून आमच्याकडे येणारे पाहुणे गावरान कोंबडीकडे दयेने पाहतात. मात्र पिंजऱ्यात कोंबडा नसतो. त्या तीनशे अंड्यांतील एकही अंडे कितीही उबवले तरी पिल्लू देणार नाही.

उबवणीसाठी अंडी निवडणे हेही एक शास्त्र आहे, आणि ते आम्ही पुस्तकातून नव्हे, शेजारच्या एका वृद्ध आजींकडून शिकलो. फार मोठे नको, फार लहान नको, तडा नको, कवच खडबडीत नको. आठ-दहा दिवसांहून जुने नको. अंडी ठेवायची ती रांजणाखालच्या ओल्या वाळूशेजारी, टोकाकडची बाजू खाली करून. आणि खानदेशात तर काळवेळ पाहिल्यावाचून अंडी ठेवायचीच नाहीत. मे महिन्यात येथे पारा ४५ अंशांच्या आसपास जातो. अशा उष्म्यात कोंबडी न बसताही अंड्यातील जीव अर्धवट जागा होतो, आणि पुरेशी सारखी ऊब न मिळाल्याने तेथेच मरतो. कोंबडीच्या अंगाला घाम येत नाही. पंख अंगापासून दूर धरून, चोच उघडी टाकून ती धापा टाकते, आणि धापा टाकून टाकून तिच्या अंड्याचे कवचही पातळ होते. म्हणून आजी सांगत, "मिरगाचा पाऊस पडू दे, मग बघू." दसरा ते होळी हा आमच्याकडे खरा उबवणीचा काळ.

आता कोंबडी खुडूक होते म्हणजे काय होते? एरवी माणूस दिसताच पळणारी कोंबडी टोपलीतून उठत नाही. हात लावावा तर अंगावरची पिसे फुलवून गुरगुरते, चोच मारते. पोटाखालची पिसे गळून तेथील कातडी उघडी पडते, म्हणजे अंड्याला थेट अंगाची ऊब लागावी. अंड्यांच्या स्पर्शाने आणि अंधाऱ्या जागेने तिच्या शरीरात प्रोलॅक्टिन नावाचा स्राव वाढतो आणि अंडी तयार होण्याचे काम बंद पडते. पुष्कळ घरांत हा आजार समजून त्यावर उपचार केले जातात. कोंबडीला पाण्यात बुचकळतात, उलट्या डालग्याखाली उपाशी ठेवतात, कोणी तर नाकपुडीत पीस खोवतात. दोन-चार दिवसांत बिचारी भानावर येते आणि पुन्हा अंड्यांच्या कामाला लागते. आमच्या घरीही पहिल्या वर्षी असा विचार निघाला होता, कारण मुले लहान होती आणि घरची अंडी हवी होती. शेजारच्या आजींनी भिंतीवरून डोकावून एवढेच म्हटले, "तिले बसू दे, माय." आम्ही तिला बसू दिले.

पसरट टोपलीत तळाशी राख, राखेवर भुसकट, भुसकटावर बारा अंडी. राख का, तर उवा-पिसवांनी कोंबडीला उठवू नये. रात्र पडल्यावर तिला त्या अंड्यांवर ठेवायचे आणि भिंतीवरच्या दिनदर्शिकेवर त्या तारखेभोवती वर्तुळ काढायचे. त्यापुढे २१ दिवस. या दिवसांत ती दिवसातून एकदा उठते. दाणा टिपते, पाणी पिते, राखेत अंग घुसळते आणि पंधरा-वीस मिनिटांत परत येते. घड्याळ नसताना ही वेळ ती कशी पाळते, ते तिचे तीच जाणे. चोचीने ती अंडी पुनःपुन्हा उलटवते, कडेची आत आणि आतली कडेला घेते. अंडे एकाच कुशीवर पडून राहिले तर आतील जीव कवचाच्या पडद्याला चिकटून मरतो, हे आपल्याला शास्त्रज्ञांनी सांगितले. तिला कोणी सांगितले? तिच्या अंगाची उष्णता ४१ अंशांच्या घरातली. अंड्याला हवी असते ती ३७-३८ अंशांची. कधी घट्ट बसून, कधी किंचित उचलून धरून ती ही उष्णता राखते.

सातव्या रात्री आम्ही विजेरीच्या प्रकाशावर अंडी पाहतो. जिवंत अंड्यात तांबड्या शिरांचे कोळ्याच्या जाळ्यासारखे जाळे दिसते आणि मध्ये एक काळसर ठिपका हलत असतो. ज्यात काहीच दिसत नाही ते वांझ अंडे बाजूला काढतो. ग्रीक तत्त्वज्ञ ॲरिस्टॉटल याने सुमारे तेवीसशे वर्षांपूर्वी कोंबडीखालची अंडी दिवसागणिक फोडून पाहिली, आणि तिसऱ्या दिवशी पांढऱ्यात रक्ताचा एक थेंब उडी मारताना पाहून ते हृदय आहे असे लिहून ठेवले. आमची मुले मात्र एकही अंडे न फोडता तो ठिपका पाहत मोठी झाली. घरात आवाज वाढला की तीच एकमेकांना गप्प करीत, जणू आत कोणी निजले आहे.

आमच्या एका भाच्याने एकदा कोंबडीचे कष्ट वाचवावेत म्हणून थर्माकोलच्या खोक्यात दिवा, पाण्याची वाटी आणि तापमापक बसवून उबवणीयंत्र केले. खोके उत्तम होते. परंतु ते भारनियमनाचे दिवस होते. दिवसातले कित्येक तास वीज नसे. बाराव्या दिवशी रात्रीची वीज गेली ती पहाटे आली, आणि खोक्यातील अंडी थंड झाली होती. त्याच रात्री तीन हातांवर, अंधारात, टोपलीतील कोंबडी आपल्या अंड्यांवर बसलेली होती. तिच्या घरी भारनियमन नव्हते. भाचा पुढे अभियंता झाला. आजही तो घरी आला की आधी टोपलीकडे जातो.

एकोणिसाव्या दिवसापासून आम्ही कान टोपलीशी नेतो. अंड्याच्या रुंद टोकाला हवेची एक लहानशी कोठडी असते. पिल्लू आपली चोच प्रथम त्या कोठडीत घुसवते आणि तेथे त्याचा पहिला श्वास होतो. मग कवचाच्या आतून क्षीण चिवचिव ऐकू येते, आणि वर बसलेली कोंबडी घशातल्या घशात त्याला उत्तर देते. एकमेकांना न पाहता त्यांची ही ओळख होते. पिल्लाच्या चोचीवर एक टणक बारीक टोक असते; त्याने ते कवचाला टोचा मारते. पुढे दोन-चार दिवसांत ते टोक गळून जाते, कारण त्याचे काम एकदाच. आणखी एक नवल असे की, पिल्लाची हाडे घडताना लागणारा चुना ते कवचातूनच घेत असते. त्यामुळे त्याला भिंत फोडायची वेळ येईपर्यंत भिंतच पातळ झालेली असते. फोडण्यास कधी कधी पुरा दिवस लागतो. मुलांना वाटे, मदत करावी. परंतु बाहेरून कवच सोलले तर शिरा तुटून रक्त येते. येथे थांबणे हीच मदत असते.

बाहेर पडण्यापूर्वी पिल्लू उरलेला बलक पोटात ओढून घेते. ही शिदोरी त्याला दोन-तीन दिवस पुरते. कोंबडीला त्यामुळे शेवटचे अंडे फुटेपर्यंत बसून राहता येते. आधी निघालेली पिल्ले उपाशी मरत नाहीत. माणसाने या शिदोरीचा दुसरा उपयोग शोधला. एक दिवसाची पिल्ले अन्नपाण्यावाचून खोक्यात भरून शेकडो मैल पाठविता येतात, आणि साऱ्या जगाचा कुक्कुटव्यवसाय या गोष्टीवर उभा राहिला. कोंबडीवाचून अंडी उबविण्याची कला जुनीच. मिसर देशात मातीच्या मोठमोठ्या भट्ट्यांत हजारो अंडी उबवीत. आपल्याकडे १९७० नंतरच्या काळात पुण्याचे डॉ. बी. व्ही. राव यांच्यासारख्या उद्योजकांनी या धंद्याला आधुनिक रूप दिले, आणि १९८२ साली राष्ट्रीय अंडी समन्वय समिती स्थापन होऊन अंडे खेड्यापाड्यांतील दुकानांत पोहोचले. गरिबाच्या मुलाला परवडेल असे सकस अन्न मिळाले, हे या व्यवसायाचे मोठेच ऋण आहे. ते नाकारणे कृतघ्नपणाचे ठरेल.

पण त्या व्यवस्थेत कोंबडीचे आयुष्य तुकड्यातुकड्यांत वाटले गेले. अंडे एका ठिकाणी, उबवणी दुसऱ्या, वाढ तिसऱ्या ठिकाणी. मांसाची कोंबडी पाच-सहा आठवड्यांत संपते. ती तलंगसुद्धा होत नाही. अंड्याची कोंबडी दीड वर्षाच्या सुमारास निकाली निघते. तिला म्हातारपण नाही. अंड्याच्या जातीत जन्मलेल्या नर पिल्लांना तर पहिला दिवसही ओलांडता येत नाही. आणि खुडूक बसण्याची ओढ पिढ्यान्‌पिढ्यांच्या निवडीने त्यांच्या रक्तातून काढून टाकली गेली. परसबागेसाठी बंगळूरला गिरिराज आणि हैदराबादला वनराज या जाती तयार झाल्या. त्या चांगल्या वाढतात, अंडीही अधिक देतात, पण सहसा खुडूक बसत नाहीत. म्हणजे पिल्ले हवीत तर पुन्हा उबवणी केंद्राच्या दारात उभे राहायचे. घर कोंबड्या पाळते, परंतु कोंबड्यांची पुढची पिढी घराच्या हाती उरत नाही.

पिल्लांकडे परत येऊ. पहिल्या आठवड्यात त्यांना ३२ ते ३५ अंशांची ऊब लागते, कारण अंगावर नुसती लव असते. ही ऊब आईच्या पंखाखाली मिळते. दिवसभरात कितीदा तरी ती सारी पिल्ले पोटाखाली घेऊन बसते आणि मग तिच्या अंगाखालून पायांचा एक झुबका तेवढा दिसतो. ती उकिरडा उकरते आणि किडा सापडला की स्वतः न खाता चोचीने उचलते, टाकते, पुन्हा उचलते आणि पिल्लांना हाका मारते. आकाशात घार दिसली की तिचा आवाज निराळा. मांजर दिसले की आणखी निराळा. पहिल्या आवाजाला पिल्ले केळीच्या पानाखाली दडतात, दुसऱ्याला तिच्याकडे धावतात. तरीही सारी जगत नाहीत. आमची सरासरी अशी, की बारा अंड्यांतून नऊ-दहा पिल्ले निघावीत आणि तलंग किंवा कोंबडा होईपर्यंत सहा उरावीत. मुंगूस, बोका, घार, अवकाळी पाऊस, प्रत्येकाचा आपला वाटा असतो. सर्वांत भयंकर ती मानमोडी. उत्तरेतील राणीखेत येथे गेल्या शतकाच्या तिसऱ्या दशकात ओळखला गेलेला हा रोग एका रात्रीत परस ओस पाडतो. पहिल्या आठवड्यातच लसीचे थेंब दिल्यापासून आमच्याकडे त्याचा प्रवेश झाला नाही. हे आवर्जून लिहितो, कारण अनेक घरी अजूनही लसीला खर्च समजतात.

दोनेक महिन्यांनंतर एक दिवस असा उगवतो, की आई आपल्याच पिल्लांना चोच मारून हुसकावते. काल ज्यांच्यासाठी ती मांजराच्या अंगावर धावली, त्यांना आज ती जवळ येऊ देत नाही. आमच्या धाकट्या मुलीला पहिल्यांदा हे पाहून रडू कोसळले होते. परंतु चारच दिवसांत पिल्ले निंबाच्या फांदीवर चढून झोपायला शिकतात आणि आईच्या डोक्यावरचा कोमेजलेला तुरा पुन्हा लाल होऊ लागतो. पोरांना तलंग व्हायचे असते, तिला पुन्हा कोंबडी. सहा-सात महिन्यांची तलंग पहिले अंडे देते ते सुपारीहून थोडे मोठे. आणि दिल्यावर जो गलका करते तो अख्ख्या गल्लीला ऐकू जातो. कोवळ्या कोंबड्यांचे काय होते, हे वाचकांपासून लपविण्यात अर्थ नाही. एका परसात दोन कोंबडे सुखाने नांदत नाहीत. एक ठेवावा लागतो. बाकीचे नाताळच्या किंवा पाहुण्यांच्या ताटात जातात. ज्याला आपण पिल्लू असल्यापासून ओळखतो त्याला खाताना माणूस उष्टे टाकीत नाही, एवढे आम्ही आमच्या घरात पाहिले आहे.

आता २००६ सालाची गोष्ट. त्या वर्षी १८ फेब्रुवारीला नंदुरबार जिल्ह्यातील नवापूर येथे बर्ड फ्लू जाहीर झाला. भारतातील हा पहिलाच प्रादुर्भाव. १ मार्चला राखेचा बुधवार होता. उपवासकाळाचा दुसरा आठवडा चालू असताना बातमी आली की, आमच्याच जळगाव जिल्ह्यातील काही गावांत हा रोग सापडला आहे, आणि तोही कारखान्यासारख्या मोठ्या शेडांत नव्हे, घरोघरच्या परसांतील कोंबड्यांत. पांढरे अंगरखे, मुखपट्ट्या घातलेली पथके दारोदार फिरली. बाधित गावांभोवतीच्या ठरावीक परिघातील प्रत्येक कोंबडी, मग ती पिल्लू असो, तलंग असो वा खुडूक, मारून पुरण्यात आली. माणसांचे जीव वाचविण्यासाठी ते आवश्यक होते. शासनाने भरपाईही दिली. पाचोऱ्यात आमच्या गल्लीपर्यंत पथक आले नाही. त्या चार-सहा आठवड्यांत कोंबडी आणि अंडे यांना कोणी विचारीत नव्हते. ईस्टर त्या वर्षी १६ एप्रिलला होता. त्या दिवशी आमच्या घरी अंडी रंगविली गेली नाहीत. ती तशीच टोपलीत राहिली.

पावसाळा सरला आणि ऑक्टोबरात एक बाई आमच्या दारी आली. धर्मग्रामातील एका कुटुंबाच्या नात्यातली, तापीपलीकडच्या गावची. तिच्या गावातील साऱ्या कोंबड्या मार्चमध्ये गेल्या होत्या. भरपाईच्या पैशांतून तिने सुधारित जातीची पिल्ले घेतली होती, ती चांगली वाढलीही होती. "अंडी देतात," ती म्हणाली, "पण एकही बसत नाही." तिच्या सासूच्या वेळेपासून घरात चालत आलेली कोंबड्यांची ओळ तुटली होती. मीठ-मिरची, वह्या-पेन्सिली, दवाखान्याची फी, असे किती खर्च त्या कोंबड्यांनी नवऱ्यापुढे हात न पसरता भागविले होते, ते तिने सांगितले. तिला आमच्याकडून पैसे नको होते. अंडी तर हवी होतीच, पण त्यांच्याबरोबर तिला एक खुडूक कोंबडी हवी होती. पथकाने नेले त्याची भरपाई मिळाली, परंतु खुडूक बसणे दुकानात विकत मिळत नव्हते.

आमच्याकडे त्या वेळी काबरी बसली होती, चौथ्यांदा. ती आमची सर्वांत भरवशाची. ती द्यावी की नाही यावर घरात त्या दुपारी बोलणे झाले. तिला दिले तर त्या हंगामात आमच्या परसात पिल्ले निघणार नव्हती. शिवाय जागा बदलली की खुडूक मोडते, असा सर्वांचाच अनुभव. मग दोघी शेजारी उभ्या असताना आमच्या घरधनिणीने निर्णय दिला, की काबरीच जाईल. अंधार पडल्यावर तिला झाकलेल्या डालग्यात ठेवले. अकरा अंडी कोंड्याच्या डब्यात निराळी बांधली. रात्रीच्या एस.टी.ने ती बाई जळगावला आणि पहाटेच्या गाडीने तापीपलीकडे गेली. नव्या घरी, अंधाऱ्या कोपऱ्यात, तिने काबरीपुढे अंडी मांडली. काबरीने ती एकेक करून चोचीने पोटाखाली ओढली आणि बसली. २१ दिवसांनी शेजारच्या दुकानात दूरध्वनी आला : नऊ निघाली.

आम्ही कोंबडी देऊन टाकली होती. तिने मात्र ती अर्ध्या वाट्याने नेली असे मानले. पाळायला दिलेल्या जनावराच्या पिल्लांत देणाऱ्याचा वाटा असतो, ही आपल्याकडची जुनी रीत. पुढच्या नाताळाआधी ती दोन तलंगा घेऊन आली. दोहोंच्या पंखांवर काबरीचे ठिपके होते. त्यांतील एकीच्या पणत्या-खापरपणत्या आजही आमच्या निंबाखाली उकरतात.

राहता राहिली म्हातारी कोंबडी. गावरान कोंबडी सांभाळली तर सात-आठ वर्षे सहज जगते. अंडी मात्र वर्षागणिक कमी होत जातात. आमच्या तांबडीने सातव्या वर्षी पाच अंडी दिली आणि त्यावरच खुडूक बसली. मुलगा सुटीवर आला होता. त्याने दाण्याचा हिशेब मांडून दाखविला, आणि हिशेब अगदी बरोबर होता. तरीही तिच्याखाली तरुण कोंबड्यांची अंडी ठेवली गेली. तिने नऊ पिल्ले काढली आणि त्यांतील आठ जगविली. तरुण आयांना जे जमले नव्हते ते तिला जमले. घारेचा आवाज ती इतरांहून आधी देई. पुढे ती बसेनाशी झाली, तेव्हाही तिला कोणी बाजार दाखविला नाही. एका थंडीच्या सकाळी ती खुराड्यातून उठली नाही, एवढेच.

प्रभू येशूने यरुशलेमेवर आपली माया किती आहे हे सांगताना पंखांखाली पिल्ले गोळा करणाऱ्या कोंबडीचा दाखला दिला, हे आपण शुभवर्तमानात ऐकतो. त्याला गरुड माहीत होता, सिंह माहीत होता. त्याने परसातली कोंबडी निवडली. कित्येक वर्षे आम्हांला हा दाखला केवळ मायेचा वाटे. टोपलीशेजारी बसून एकवीस एकवीस दिवस मोजल्यावर त्यातील दुसरी बाजूही दिसू लागली. पंखाखाली घेणारी ती आधी उपाशी बसलेली असते. बाहेरून पाहणाऱ्याला ती रिकामी, आळशी, निकामी वाटलेली असते. आपल्या घरांतही असे कोणी ना कोणी असते : आजाऱ्याच्या उशाशी बसलेली सून, तान्ह्यासाठी नोकरी सोडलेली आई, दिवसभर माळ ओढीत नातवंडांवर नजर ठेवणारी आजी. घरखर्चाच्या वहीत त्यांच्या नावापुढे आकडा नसतो.

वाचकहो, ज्यांच्या घरामागे चार हात जागा उरली आहे त्यांनी सुधारित कोंबड्या अवश्य पाळाव्यात, पण त्यांच्यात एखादी गावरान, बसणारी कोंबडी जरूर ठेवावी. तिला पिल्लांसाठी लस द्यावी, उन्हाळ्यात सावली आणि गार पाणी द्यावे. एकाएकी कोंबड्या मरू लागल्या तर हात न लावता पशुवैद्यकीय दवाखान्यात कळवावे. आणि ती खुडूक बसली, तर पाण्याची बादली आणू नये. टोपलीत राख आणि भुसकट घालावे. आणि शेजारी कोणाला अंडी ठेवायची आहेत का, ते भिंतीवरून विचारावे.